दिनविशेष

वेगवेगळ्या वर्षी पण एकाच तारखेला घडलेल्या घटना, जन्म आणि मृत्यू यांची एकत्र नोंद म्हणजे दिनविशेष. सातारा-सांगलीकडे हा शब्द मुलांच्या कानावर पहिल्यांदा पडतो तो शाळेच्या परिपाठात. प्रार्थना, प्रतिज्ञा, सुविचार झाले की एक जण पुढे येऊन फळ्यावरच्या चार-पाच ओळी वाचतो. ओळी छोट्या असतात, पण त्यामागची तारीख पक्की करणे हे जोखमीचे काम आहे.

या भागासाठी सर्वांत भरलेली तारीख १ ऑगस्ट. १९२० साली याच दिवशी मुंबईत लोकमान्य टिळकांचे निधन झाले आणि याच दिवशी वाळवा तालुक्यातल्या वाटेगावात अण्णा भाऊ साठे जन्मले. साल आणि दिवस दोन्ही एक, असा योग विरळाच. पुढे १९४९ मध्ये १ ऑगस्टलाच दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा झाला, ज्याला १९६० पासून सांगली म्हणतात. म्हणूनच गावाचा जिल्हा लिहिताना थांबावे लागते. १२ मार्च १९१३ रोजी यशवंतराव चव्हाण देवराष्ट्रे येथे जन्मले, तेव्हा ते गाव सातारा जिल्ह्यात होते. आज ते सांगलीत आहे. ‘तेव्हाचा सातारा, आताचा सांगली’ असे दोन्ही लिहिले की वाद मिटतो.

यादी करायची तर वही नको, सुटी कार्डे घ्यावीत. तारखेला एक याप्रमाणे ३६६; २९ फेब्रुवारीचे कार्ड विसरू नये. प्रत्येक नोंदीत साल, घटना, ठिकाण, तारीख कोणत्या कालगणनेतली आणि ती कोठून घेतली, एवढे हवेच. दुसऱ्या यादीवरून उतरवलेली नोंद पेन्सिलने लिहावी आणि मूळ आधार मिळाला की शाईने पक्की करावी. गाजलेल्या नावाखाली जवळचे नाव दबते, तेही जपावे. ६ डिसेंबरला डॉ. आंबेडकरांचे महापरिनिर्वाण (१९५६) फळ्यावर असतेच. त्याच तारखेला १९७६ मध्ये गेलेले क्रांतिसिंह नाना पाटील मात्र त्यांच्याच मुलखात अनेकदा राहून जातात.

सर्वाधिक घोटाळा शिवकाळातल्या तारखांचा. अफझलखानाचा वध प्रतापगडाच्या पायथ्याशी मार्गशीर्ष शुद्ध सप्तमी, शके १५८१, गुरुवारी झाला. पुस्तकांत तारीख येते १० नोव्हेंबर १६५९. मोबाइलच्या कॅलेंडरात मागे जाऊन ही तारीख पाहिली तर वार सोमवार दिसतो आणि तिथीही कृष्ण पक्षातली निघते. पुस्तक चुकलेले नसते. इंग्रज तेव्हा जुनी ज्युलियन गणना पाळत, इतिहासकारांनी तीच चालू ठेवली. मोबाइल मात्र आजची ग्रेगोरियन गणना मागे ताणतो. सतराव्या शतकात दोहोंत १० दिवसांचे अंतर आहे, म्हणून आजच्या हिशेबाने तो दिवस २० नोव्हेंबर, गुरुवार, शुद्ध सप्तमी. पोर्तुगीजांनी नवी गणना १५८२ मध्येच घेतली, इंग्रजांनी १७५२ मध्ये; त्यामुळे एकाच घटनेची पोर्तुगीजांच्या गोव्याच्या आणि इंग्रजांच्या राजापूरच्या वखारीच्या पत्रांतली तारीख वेगळी दिसते. शिवाय तेव्हा इंग्रजांचे वर्ष २५ मार्चला सुरू होई, म्हणून त्यांच्या जानेवारी-फेब्रुवारीच्या पत्रांवर आधीचे साल असते.

शकावरून इसवी सन काढताना चैत्र ते डिसेंबरअखेर ७८ मिळवावेत, जानेवारी ते फाल्गुन ७९. हा एक आकडा विसरला की शिवजन्म (फाल्गुन वद्य ३, शके १५५१) १६३० ऐवजी १६२९ मध्ये जाऊन बसतो.

तिथीने पाळायचा दिवस तारखेच्या कार्डावर पक्का करता येत नाही. अफझलखानवधाच्या स्मरणाचा प्रतापगडावरचा शिवप्रतापदिन मार्गशीर्ष शुद्ध सप्तमीला होतो, म्हणजे कधी नोव्हेंबरात, कधी डिसेंबरात. कर्मवीर भाऊराव पाटलांनी ४ ऑक्टोबर १९१९ रोजी कराडजवळच्या काले येथे रयत शिक्षण संस्था स्थापन केली, त्या दिवशी दसरा होता. दसरा सरकला तरी स्थापनेची तारीख सरकत नाही. रोजच्या बोलण्यात तारखेने पाळलेल्या दिवसालाही आपण पुण्यतिथीच म्हणतो. यादीत मात्र तिथे ‘स्मृतिदिन’ लिहिणे बरे.

साताऱ्याला ७ नोव्हेंबरचे मोल मोठे. १९०० साली याच दिवशी भीमराव आंबेडकरांचे नाव साताऱ्याच्या सरकारी शाळेत, आजच्या प्रतापसिंह हायस्कूलमध्ये, दाखल झाले. राज्यात हा विद्यार्थी दिन आहे. चंद्रशेखर वेंकट रामन यांचा जन्म (१८८८) आणि कवी केशवसुतांचे निधन (१९०५) याच तारखेचे. रशियाची ‘ऑक्टोबर क्रांती’ही इथेच येते, कारण तिथल्या जुन्या गणनेत तो दिवस २५ ऑक्टोबर १९१७ होता.

मध्यरात्र ते सूर्योदय हा वेळही जपून हाताळावा. पंचांगाचा वार सूर्योदयाला बदलतो. टिळक गेले ते मध्यरात्र उलटल्यावर, म्हणून इंग्रजी हिशेबाने रविवार, पंचांगाने अजून शनिवारच. कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी झाला. जागतिक प्रमाणवेळेत तेव्हा १० तारखेचे रात्रीचे २२ वाजून ५१ मिनिटे झाली होती. म्हणून परदेशी भूकंपसूचीत १० डिसेंबर सापडतो आणि तिथून उतरवलेला दिनविशेष कोयनानगरच्या माणसाला चुकीचा वाटतो. कार्डावर ‘११ डिसेंबर, पहाटे ४.२१, भारतीय वेळ’ असे लिहावे.