खुनाच्या खटल्यात आरोपी सुटले, आता अपील : सामाईक इराद्याबाबत पक्षकारांसाठी माहितीपत्रक

हे पत्रक मयताच्या घरच्यांसाठी आहे. सत्र न्यायालयाने सगळे किंवा काही आरोपी सोडले असतील, तर पुढचे वाचण्याआधी निकालाच्या प्रमाणित नकलेचा अर्ज टाका, जमल्यास निकालाच्याच दिवशी. नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वजा होतात. अर्ज टाकण्याआधी गेलेले दिवस होत नाहीत, आणि तयार नक्कल महिनाभर उचलली नाही तर तो महिनाही तुमच्याच खात्यावर. नकलेवरचा तारखांचा शिक्का म्हणूनच महत्त्वाचा.

निकालात ‘दोषमुक्त’ म्हटले आहे की ‘निर्दोष मुक्तता’, तेही पाहा. वर्तमानपत्रे दोन्ही शब्द एकच समजतात. दोषमुक्ती आरोपनिश्चितीआधीच, म्हणजे न्यायालयाने आरोप ठरवण्याआधीच होते आणि तिचा मार्ग वेगळा. अपील होते ते पुरावा नोंदवून झालेल्या निर्दोष मुक्ततेवर.

वार एकाने केला, मग बाकीच्यांवर खून कसा? त्यासाठी भादंविचे (भारतीय दंड संहितेचे) कलम 34 असते. गुन्हा 1 जुलै 2024 किंवा त्यानंतरचा असेल तर भारतीय न्याय संहितेचे कलम 3(5). हा स्वतंत्र गुन्हा नाही. एकाचे कृत्य सर्वांवर टाकण्याचा नियम आहे. त्यासाठी इरादा सामाईक लागतो आणि कृत्यात सहभाग लागतो. चार जणांच्या मनात एकाच माणसाबद्दल राग असणे म्हणजे सामाईक इरादा नव्हे. 1945 साली प्रिव्ही कौन्सिलने (ब्रिटिश काळातले सर्वोच्च अपील न्यायालय) हा फरक स्पष्ट केला आणि तो आजही लागू आहे. इरादा आधी ठरलेलाच हवा असे नाही, जागच्या जागीही जुळू शकतो. पण जुळला हे पुराव्यात दिसले पाहिजे.

समजा, झटापटीत एकाने मयताचे हात धरले आणि दुसऱ्याने खिशातून सुरा काढून भोसकले. हात धरणाऱ्याला सुऱ्याची कल्पना होती का? तो पहिल्या वारानंतरही धरूनच राहिला, की सोडून मागे झाला? ‘सोडू नको’ असे कोणी ओरडले का? सगळे एकत्र, हत्यारे घेऊन आले आणि एकत्रच पळाले का? उत्तरे साक्षीदाराच्या जबाबात नसतील तर हात धरणारा सुटतो, आणि बऱ्याचदा ते बरोबरच असते.

खटले बहुधा फिर्यादीतच बिघडतात. ‘सर्वांनी मिळून लाठ्याकाठ्यांनी मारले’ असे एका दमात लिहिले जाते, भावकीतली सात नावे घातली जातात आणि शवविच्छेदनात निघते धारदार शस्त्राची एकच जखम. मग खऱ्या आरोपीवरही संशय येतो. पाच किंवा अधिक जण असतील तर बेकायदा जमावाचे कलम 149 (नवे 190) लागू शकते. तिथे समान उद्दिष्ट पाहतात, प्रत्येकाचा वार सिद्ध करावा लागत नाही.

महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात चौघांवर कलम 302 (खून) सह 34 चा आरोप होता. सत्र न्यायालयाने चौघांना सोडले. अपिलात उच्च न्यायालयाने तिघांची सुटका कायम ठेवली आणि एकट्याला त्याच कलमाखाली शिक्षा दिली. 1963 साली सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली: बाकीचे तिघे नव्हते, आणखी कोणी सामील असल्याचा निष्कर्षही नाही, तर इरादा सामाईक कुणाशी?

सरकारच्या अपिलाची मुदत 90 दिवस, आणि त्याला आधी उच्च न्यायालयाची परवानगी लागते. मयताचा कायदेशीर वारस मात्र ‘पीडित’ म्हणून स्वतः अपील करू शकतो (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 372 चे परंतुक, नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे 413). त्याला परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये ठरवले. या अपिलाची मुदत कलमात लिहिलेली नाही, म्हणून आम्ही 90 दिवसच धरून चालतो. सरकार करील म्हणून थांबू नका. पीडिताला शिक्षा कमी झाली म्हणून अपील करता येत नाही, आणि पुनरीक्षण अर्जात (अपिलाऐवजी खालच्या न्यायालयाचा निकाल तपासून घेण्याच्या अर्जात) उच्च न्यायालय निर्दोष मुक्तता थेट शिक्षेत बदलू शकत नाही.

उच्च न्यायालय पुरावा पहिल्यापासून तपासू शकते. तरी निर्दोष मुक्ततेने आरोपीच्या निर्दोषत्वाचे गृहीतक अधिक पक्के झालेले असते, आणि पुराव्यातून दोन मते रास्तपणे निघत असतील तर सुटकेचेच मत टिकते. सर्वोच्च न्यायालयाच्या 2007 च्या चंद्रप्पा निकालात हे एकत्र मांडले आहे. म्हणून ‘न्यायाधीशांनी चूक केली’ हा मुद्दा अपिलात चालत नाही. कोणत्या साक्षीदाराचे कोणते वाक्य वाचलेच नाही, किंवा उलटे वाचले, ते पानासह दाखवावे लागते. प्रत्येक आरोपीसाठी वेगळे. ज्याच्याविरुद्ध काहीच नाही त्याला अपिलातून वगळण्याचा सल्ला आम्ही देतो. नातेवाइकांना तो आवडत नाही.

येताना निकालपत्र, दोषारोपपत्र, सर्व साक्षीदारांचे जबाब व उलटतपास, शवविच्छेदन आणि रासायनिक विश्लेषण अहवाल, वारसाचा पुरावा आणा. फितूर साक्षीदाराचा जबाबही आणा, त्यातला काही भाग कधीकधी उपयोगी पडतो. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची अपिले ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे (तिथल्या खंडपीठाकडे) जातात, मुंबईला नाही.