शी-शूचे वळण (कुत्र्याच्या पिल्लाचे)

घरात पाळलेल्या पिल्लाने मलमूत्रविसर्जन ठरावीक जागीच करावे म्हणून त्याला लावली जाणारी सवय. ठाणे व नवी मुंबईच्या सोसायट्यांत येणारी पुष्कळ पिल्ले गावठी किंवा गावठी-लॅब्रेडॉर, गावठी-पॉमेरेनियन अशा संकरातली असतात. ही नोंद मुख्यतः त्यांच्याविषयी आहे.

मूळ : या सवयीच्या मुळाविषयी दोन मते आढळतात. कुत्रा हा लांडग्यासारखा बिळात राहणारा प्राणी असून झोपायची जागा स्वच्छ ठेवणे त्याच्या रक्तातच आहे, असे एक मत. क्रेटमध्ये (कुत्र्याच्या बंदिस्त पिंजऱ्यात) ठेवून शिकवण्याची पद्धत यावरच उभी आहे. मात्र लांडगे बीळ वापरतात ते प्रामुख्याने पिल्ले लहान असेपर्यंत. शिवाय जन्मानंतर सुमारे तीन आठवडे आईच पिल्लाला चाटून शी-शू करवते आणि ते चाटून साफही करते. म्हणजे सुरुवातीची स्वच्छता आईची असते. त्यानंतर पिल्लू झोपायच्या जागेपासून दूर जाऊ लागते. अमेरिकी संशोधक स्कॉट व फुलर (१९६५) यांच्या निरीक्षणानुसार साधारण साडेआठ आठवड्यांच्या सुमारास त्याची शी-शूची जागा पक्की होऊ लागते. त्यांनी अभ्यासलेल्या पाच जातींत भारतीय गावठी कुत्रा नव्हता. दुसरे मत असे, की या वयात पायाखाली ज्या प्रकारच्या जागेची सवय लागते तशीच जागा पिल्लू पुढेही शोधते. हे मत इथल्या अनुभवाशी अधिक जुळते.

उभ्या टेम्पोखाली, मातीत वाढलेले पिल्लू सातव्या मजल्यावर आणले की ते गुळगुळीत फरशी सोडून नेमके दारातल्या पायपुसण्यावर शी-शूला बसते. हा हट्ट नव्हे. मातीसारखे मऊ आणि ओल शोषणारे त्याला घरात तेवढेच सापडलेले असते. म्हणून अशा पिल्लासाठी गॅलरीत मातीचा पसरट ट्रे ठेवणे उत्तम. नुसता पेपर त्याला परका वाटतो. खाली नेण्याची घाई धोक्याची आहे. पार्व्होचा (पिल्लांच्या जीवघेण्या जुलाब-उलट्यांच्या रोगाचा) विषाणू मातीत महिनोन्‌महिने टिकतो आणि लसीचे डोस साधारण सोळाव्या आठवड्यापर्यंत चालतात. पावसाळ्यात साचलेल्या पाण्यातून लेप्टोची (लेप्टोस्पायरोसिस या जंतुसंसर्गाची) भीती वेगळीच.

पद्धत : झोपून उठल्यावर, खाल्ल्यावर व खेळल्यावर पिल्लाला ट्रेपाशी न्यावे. वयाचे जितके महिने तितके तास आणि वर एखादा तास ते दिवसा कळ धरू शकते, असा ठोकताळा आहे. नाक फरशीला लावून ते गोल फिरू लागले की लगेच उचलावे आणि काम होताच, त्याच क्षणी, शाबासकी द्यावी. चुकल्यास नाक घासण्याची जुनी रीत क्रूर आहे. त्यातून पिल्लू फक्त माणसाला घाबरून सोफ्यामागे लपून शू करायला शिकते. फिनेलने माणसाच्या नाकापुरता वास झाकला जातो, कुत्र्याला तो येतच राहतो. एन्झाइम असलेले क्लीनर उपयोगी पडते. अमोनियायुक्त द्रव टाळावे, कारण त्याचा वास मूत्राच्या जवळचा असतो.

सोसायटीला कुत्रा पाळण्यावर किंवा त्याला लिफ्टमधून नेण्यावर बंदी घालता येत नाही, असे भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाने २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांत नमूद केले आहे. आवारात कुत्र्याने केलेली घाण पालकाने उचलावी, अशी अपेक्षाही त्यांत आहे.