काल्पनिक काळशास्त्रावरच्या कादंबरीची कॉपीराइट नोंदणी: पात्रता, कागदपत्रं आणि अर्ज

इंदूरहून उज्जैन जवळच, आणि जुन्या ज्योतिषग्रंथांतली मध्यरेखा, म्हणजे रेखांश मोजायची शून्य रेषा, याच उज्जैनवरून जाते. त्यामुळे इथला मराठी लेखक काळावर लिहू लागला की उज्जैन बहुधा त्यात येतंच. समजा, तुमच्या कादंबरीतल्या जगात काळ अधूनमधून सैल पडतो, मध्यरेखेवरची वेधशाळा त्याला 'घटीबंध' घालून स्थिर करते आणि माणसं 'पळवाटां'नी मागेपुढे जातात. हे शास्त्र कोणी उचलू नये म्हणून नोंदणी करायची आहे. अर्ज अवघड नाही, पण नोंदणीने नक्की काय राखलं जातं ते आधी नीट समजून घ्या.

कॉपीराइट कायदा, १९५७ कल्पनेला संरक्षण देत नाही, तिच्या मांडणीला देतो. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्येच हे स्पष्ट केलं. म्हणजे 'काळ बांधता येतो' ही कल्पना कोणीही वापरू शकतं. दिवसाच्या ६० घटी, घटीची ६० पळं हे माप तर सगळ्यांचंच. तुमचं काय? बंध कसा घालतात, तो कधी सुटतो, सुटला तर वेधशाळेत काय घडतं, हे तुम्ही ज्या शब्दांत आणि ज्या क्रमाने लिहिलं ते. म्हणून माझा आग्रह आहे की शास्त्राचे नियम डोक्यात किंवा वहीत ठेवू नका, हस्तलिखितात उतरवा. कोष्टकं केली असतील तर तीही जोडा, कायद्याने ती साहित्यकृतीतच मोडतात. पळवाटांचा नकाशा मात्र कलाकृती ठरतो, त्याचा अर्ज वेगळा. नुसत्या शीर्षकावरही कॉपीराइट मिळत नाही.

पात्रतेची अट साधी आहे. लेखक भारतीय नागरिक असेल तर कृती प्रकाशित असो वा अप्रकाशित, अर्ज करता येतो. भाषा मराठी असली तरी अडत नाही. दिल्लीला जायचीही गरज नाही, कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर खातं उघडून घरबसल्या अर्ज होतो.

अर्जाचा नमुना चौदा क्रमांकाचा. सोबत 'तपशिलाचं विवरणपत्र' (Statement of Particulars) आणि साहित्यकृतीसाठी 'पुढील तपशिलाचं विवरणपत्र' (Statement of Further Particulars) ही दोन्ही भरायची. एका कृतीला शुल्क ५०० रुपये. कृतीची प्रत आणि अर्जदाराची सही लागते. अर्जदार लेखकाहून वेगळा असेल तर लेखकाचं ना-हरकत पत्र आणि वकिलामार्फत अर्ज असेल तर वकालतनामा जोडावा लागतो.

'प्रकाशित की अप्रकाशित' या रकान्यात घाई करू नका. कादंबरीतलं एखादं प्रकरण दिवाळी अंकात किंवा इंटरनेटवर आधीच आलं असेल, तर तो भाग प्रकाशित झालेला आहे. प्रकाशनाचं वर्ष, देश आणि प्रकाशकाचं नाव-पत्ता तिथे द्यावा लागतो, प्रकाशकाचं ना-हरकत पत्रही लागतं. संपादकांकडून ते आधीच लिहून घ्या. कृती अप्रकाशित म्हणून नोंदवली आणि नंतर पुस्तक निघालं, तर पंधरा क्रमांकाच्या नमुन्यात बदलासाठी अर्ज करता येतो.

इंदुरात मराठी कादंबरीचा हिंदी अनुवाद लगेच होतो, म्हणून हेही सांगतो. अनुवादाला परवानगी देण्याचा हक्क तुमचा, पण परवानगीने झालेल्या अनुवादावर अनुवादकाचा स्वतंत्र कॉपीराइट असतो. त्याची नोंदणी वेगळी. हक्क लिहून देताना मुदत आणि प्रदेश नक्की घाला. मुदत लिहिली नाही तर कायदा ती ५ वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर भारतापुरता.

अर्ज दाखल झाला की डायरी क्रमांक मिळतो, तो जपून ठेवा. त्यानंतर कोणाची हरकत येते का, यासाठी ३० दिवस थांबावं लागतं. हरकत नसेल तर छाननी होते. त्रुटी निघाली तर कार्यालयाचं पत्र येतं, त्याला मुदतीत उत्तर द्या.

नोंदणी सक्तीची नाही. लिहिल्या क्षणीच हक्क तयार होतो आणि लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो. पण वाद कोर्टात गेला तर नोंदवहीतली नोंद प्रथमदर्शनी पुरावा मानली जाते, म्हणून हस्तलिखित प्रकाशकाकडे पाठवण्याआधीच अर्ज करा.