एका अल्बमचे एक पुस्तक: ऑल्टरनेटिव्ह रॉकच्या चरित्रलेखनाची पार्श्वभूमी

बँडच्या साऱ्या कारकिर्दीवर किंवा गायकाच्या आयुष्यावर न लिहिता केवळ चाळीसेक मिनिटांच्या एका अल्बमवर अख्खे पुस्तक लिहायचे, ही पद्धत इंग्रजी संगीतलेखनात आज इतकी रुळली आहे की तिचे वय फार नाही हे सहसा ध्यानात येत नाही. २००३ साली कंटिन्युअम या प्रामुख्याने विद्यापीठीय ग्रंथ काढणाऱ्या प्रकाशनसंस्थेत डेव्हिड बार्कर या संपादकाने ‘३३ १/३’ ही मालिका सुरू केली आणि एलपी तबकडी मिनिटाला जितके फेरे घेते तो आकडाच तिचे नाव झाला. मालिकेत सोल, हिप-हॉप, मेटल असे सर्वच प्रकार आले. पण हा साचा ऑल्टरनेटिव्ह रॉकच्या, म्हणजे मुख्य प्रवाहाबाहेर वाढलेल्या रॉक संगीताच्या, अंगाला जितका चपखल बसला तितका दुसऱ्या कशाच्याही बसला नाही. याचे कारण या संगीताच्या इतिहासातच आहे. त्यातल्या सर्वांत प्रभावी ठरलेल्या अल्बमांपैकी बरेचसे निघाले तेव्हा थोडे खपले, त्यांच्याविषयी छापून फारसे आले नाही आणि जे आले नाही त्याची जागा ऐकीव गोष्टींनी भरली. या अल्बमांभोवती जमलेला भक्तसंप्रदाय जितका संगीतावर पोसला तितकाच माहितीच्या टंचाईवरही.

या प्रकारच्या दंतकथेचा मूळपुरुष म्हणून मार्च १९६७ मध्ये निघालेल्या व्हेल्व्हेट अंडरग्राउंड या बँडच्या ‘द व्हेल्व्हेट अंडरग्राउंड अँड निको’ या अल्बमकडे बोट दाखवता येईल. मुखपृष्ठावर चित्रकार ॲंडी वॉरहॉलने काढलेले केळे, पहिल्या आवृत्तीत त्याची खरोखर सोलता येणारी चिकट साल, आत हेरॉइनपासून लैंगिक गुलामीपर्यंतचे विषय आणि बाजारात जवळजवळ शून्य प्रतिसाद, असा त्याचा जन्म. १९८२ साली एका मुलाखतीत ब्रायन ईनो या संगीतकाराने बँडचा गायक लू रीड याच्या तोंडून ऐकलेला आकडा सांगितला, की पहिल्या पाच वर्षांत या अल्बमच्या तीस हजार प्रती खपल्या. आणि पुढे स्वतःची पुस्ती जोडली, की त्या तीस हजारांतल्या प्रत्येकाने बँड काढला असावा. ही पुस्ती इतकी गाजली की मूळ आकडा तपासण्याची कुणाला गरजच वाटली नाही. पुढे रेकॉर्ड कंपनीचा रॉयल्टीचा हिशेब उजेडात आला, तेव्हा फेब्रुवारी १९६९ पर्यंतच सुमारे ५८ हजार प्रती गेल्याचे दिसले. म्हणजे अल्बम पडला होता हे खरे, पण दंतकथेत पडला तितका नव्हे. एकेका अल्बमवरची पुस्तके पुढे जे काम करणार होती, त्याचा हा नमुना मानायला हरकत नाही. आवडती कथा आणि हिशेबाचा कागद शेजारी शेजारी ठेवायचे आणि दोन्हींचे काय होते ते पाहायचे, असे ते काम होते.

हे काम सुरू व्हायला मात्र दीर्घ काळ जावा लागला. रॉकवर गंभीरपणे लिहिणारी नियतकालिके १९६६-६७ पासूनच निघू लागली. ‘क्रॉडॅडी’ आधी, ‘रोलिंग स्टोन’ पाठोपाठ. परंतु पुस्तकाच्या पातळीवर प्रकाशकांना हवी असत ती चरित्रे, आणि तीही गाजलेल्यांची. एकेक अल्बम हा स्वतंत्र निबंधाचा विषय होऊ शकतो हे पहिल्यांदा ठसठशीतपणे दिसले ते ग्रील मार्कसने संपादित केलेल्या ‘स्ट्रँडेड’ या १९७९ च्या संग्रहात. निर्जन बेटावर एकच तबकडी नेता आली तर कोणती न्याल, असा प्रश्न वीस समीक्षकांना घालण्यात आला होता. त्यात लेस्टर बँग्जने व्हॅन मॉरिसनच्या ‘ॲस्ट्रल वीक्स’वर लिहिलेला निबंध आजही वाचला जातो, आणि एलन विलिसने व्हेल्व्हेट अंडरग्राउंडवर लिहिले. त्या काळात अमेरिकेतल्या स्वतंत्र लेबलांच्या, म्हणजे बड्या कंपन्यांबाहेरच्या छोट्या रेकॉर्ड कंपन्यांच्या, तबकड्यांची खबर पोहोचायची ती कॉलेजांच्या रेडिओवरून, टपालाने मागवायच्या याद्यांमधून आणि झेरॉक्स काढून स्टेपल मारलेल्या, चाहत्यांनीच काढलेल्या फॅनझीन नावाच्या पत्रिकांमधून. फॅनझीनचे लेखन आवेशी, कधी कधी तर बेताल. पण पुढच्या अल्बमचरित्रांचा सूर तिथेच घडला, असे मला वाटते. ‘ट्राउझर प्रेस’ या नियतकालिकाने १९८३ साली आणि ‘स्पिन’ या मासिकाने १९९५ साली काढलेल्या मार्गदर्शक ग्रंथांनी या विखुरलेल्या माहितीला कोशाचे रूप दिले. कोशात मात्र अल्बमच्या वाट्याला जेमतेम एखादा परिच्छेद येतो.

मधल्या काळात सारा नकाशाच बदलला होता. सप्टेंबर १९९१ मध्ये निघालेला निर्वाणा या बँडचा ‘नेव्हरमाइंड’ जानेवारी १९९२ मध्ये मायकल जॅक्सनच्या ‘डेंजरस’ला खाली ढकलून बिलबोर्ड साप्ताहिकाच्या खपाच्या यादीत पहिला आला, आणि जे संगीत कोपऱ्यातले म्हणून ओळखले जात होते ते बाजारपेठेच्या मध्यभागी येऊन बसले. नव्या श्रोत्यांना प्रश्न पडला की हे आले कुठून. १९९३ साली निर्वाणावरचे पुस्तक लिहिलेल्या मायकेल ॲझरॅडने त्याचे सविस्तर उत्तर २००१ मध्ये ‘अवर बँड कुड बी युअर लाइफ’ या ग्रंथात दिले. रॉकच्या इतिहासावरची दहा भागांची एक दूरचित्रवाणी मालिका टॉकिंग हेड्स या आधीच्या बँडवरून थेट निर्वाणावर उडी मारते हे त्याला खटकले होते. मधली दशकभराची पोकळी त्याने ब्लॅक फ्लॅग, मिनिटमेन, हस्कर डू, सॉनिक यूथ अशा तेरा बँडांच्या प्रकरणांनी भरली. बँड एखाद्या बड्या कंपनीशी करारबद्ध झाला की त्याचे प्रकरण तिथेच आवरते घ्यायचे, हा त्याचा नियम होता. नियम थोडा कर्मठ आहे. पण त्यामुळेच भाड्याच्या व्हॅनमधले दौरे, स्वतः लावलेली पोस्टरे आणि काटकसरीने उरकलेले ध्वनिमुद्रण हा त्या ग्रंथाचा खरा विषय झाला. वाचकवर्ग तयार आहे हे त्याने दाखवून दिले, आणि दोनच वर्षांनी बार्करची मालिका आली.

मालिकेची पुस्तके खिशात मावतील इतकी छोटी, साधारण सव्वाशे-दीडशे पानांची होती. लेखकांना मोकळीक इतकी की स्मिथ्सच्या ‘मीट इज मर्डर’वर जो पर्निसने चक्क लघुकादंबरी लिहिली, आणि रिप्लेसमेंट्सच्या ‘लेट इट बी’वर लिहिताना कॉलिन मेलॉयने माँटानातल्या आपल्या पौगंडावस्थेची आठवणवही उघडली. हे दोघेही स्वतः संगीतकार. अशा पुस्तकांत अल्बमची माहिती फार हाती लागत नाही, ही तक्रार रास्त आहे. मात्र भक्तसंप्रदाय म्हणजे काय, एखादी तबकडी एखाद्या मुलाच्या आयुष्यात नेमकी कुठे जाऊन बसते, हे समजून घ्यायला तीच अधिक उपयोगी ठरतात.

वार्ताहराच्या वाटेने गेलेल्या पुस्तकांत किम कूपरचे न्यूट्रल मिल्क हॉटेल या बँडवरचे २००५ चे पुस्तक सर्वांत महत्त्वाचे. ‘इन दी एरोप्लेन ओव्हर द सी’ हा अल्बम १९९७ च्या उन्हाळ्यात डेन्व्हरमध्ये रॉबर्ट श्नायडरच्या स्टुडिओत मुद्रित झाला आणि फेब्रुवारी १९९८ मध्ये मर्ज या छोट्या लेबलने काढला, तोही आधीच्या अल्बमइतका खप गृहीत धरून, काही हजार प्रतींत. मुद्दाम फाटलेला वाटावा असा गिटारचा ध्वनी, पितळी वाद्ये, कमानीने वाजवलेली करवत, आणि ॲन फ्रँकची दैनंदिनी वाचून हादरलेल्या बँडचा गायक जेफ मँगम याचा उच्च स्वरात ताणलेला गळा, हे मिश्रण तेव्हाच्या समीक्षकांना आवडले, पण त्याने कुणी भारावून गेले नाही. दौरा संपला, मँगम सार्वजनिक जीवनातून जवळपास नाहीसा झाला, आणि त्याच्या मौनाबरोबर अल्बमची कीर्ती वाढत गेली. मँगम बोलणार नव्हता. कूपरने बँडचे इतर सदस्य आणि लुइझियानातल्या रस्टन गावी एकत्र वाढलेली एलिफंट सिक्स या संगीतकारांच्या गटातली मित्रमंडळी यांच्याशी बोलून ती कथा रचली. त्या कथेत कुणी एकटा पछाडलेला प्रतिभावंत दिसत नाही. एकमेकांच्या टेप अदलाबदल करणारी, एकमेकांच्या अल्बमांत वाजवणारी, खर्च वाटून घेत एकाच घरात राहणारी मुले दिसतात. रहस्य थोडे उलगडल्याने भक्त पांगतील असे वाटले असते. झाले उलटेच. ते पुस्तक मालिकेतल्या सर्वाधिक खपणाऱ्या पुस्तकांपैकी एक ठरले आणि २००८ साली हा दहा वर्षांपूर्वीचा अल्बम अमेरिकेत त्या वर्षी सर्वाधिक खपलेल्या एलपींच्या पंगतीत जाऊन बसला. मँगम मंचावर परतला त्याला आणखी काही वर्षे लागली.

स्लिंट या बँडच्या ‘स्पायडरलँड’ची गोष्ट याहून गडद सांगितली जात असे. केंटकीतल्या लुइव्हिलची विशीतली मुले, ऑगस्ट १९९० मध्ये शिकागोत काही दिवसांत उरकलेली सहा गाणी, मार्च १९९१ मध्ये अल्बम येण्याआधीच मोडलेला बँड, आणि ध्वनिमुद्रणानंतर सदस्यांना मनोरुग्णालयात ठेवावे लागल्याची अफवा. मुखपृष्ठावर विल ओल्डहॅमने काढलेले कृष्णधवल छायाचित्र आहे, त्यात खाणीच्या पाण्यावर चार डोकी तरंगताना दिसतात. मलपृष्ठावर गायिकांनी संपर्क साधावा असे आवाहन छापलेले होते, जणू बँडला अजून बराच मोठा पल्ला गाठायचा आहे. २०१० मध्ये स्कॉट टेनंटने या अल्बमवर लिहिताना अफवेपेक्षा लुइव्हिलकडे अधिक लक्ष दिले. शाळकरी वयातच कुणी कुणाबरोबर वाजवले आणि त्यातून हा थंड, तुटक, मध्येच किंचाळणारा सूर कसा घडला, हे तो टप्प्याटप्प्याने दाखवतो.

माय ब्लडी व्हॅलेंटाइन या बँडच्या नोव्हेंबर १९९१ मधल्या ‘लव्हलेस’बाबत वाद आहे तो पैशांचा. दोन वर्षांहून अधिक काळ, डझनाहून अधिक स्टुडिओ आणि अडीच लाख पौंड यांत क्रिएशन हे लेबल बुडता बुडता वाचले, ही त्याचा प्रमुख ॲलन मॅगी याने पसरवलेली कथा, तर तो आकडा फुगवलेला आहे हे बँडचा गिटारवादक केव्हिन शील्ड्स याचे म्हणणे. डेव्हिड कॅव्हनाने २००० साली लिहिलेल्या क्रिएशनच्या जाडजूड इतिहासात कंपनीची बाजू सापडते (मॅगीला मात्र ते हिशेबनिसाने लिहिलेले पुस्तक वाटले), आणि माइक मॅकगोनिगलच्या २००७ च्या छोट्या पुस्तकात बँडची. दोन्ही वाचल्यावर एक गोष्ट जाणवते. खर्चाचा आकडा इतका चघळला गेला की गिटारचा ट्रेमोलो दांडा सतत हलता ठेवून शील्ड्सने तो डोलता ध्वनी कसा काढला, हा खरा कुतूहलाचा प्रश्न मागे पडला.

दरम्यान या साऱ्याचा एक व्यवसायही उभा राहिला. २००५ पासून ‘ऑल टुमॉरोज पार्टीज’ या संगीतमहोत्सवाच्या आयोजकांनी बँडांकडून एकेक जुना अल्बम पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत मंचावर वाजवून घेण्याची मालिका चालवली, स्लिंटही त्याच वर्षी पुन्हा एकत्र आला, आणि वर्धापनदिनाच्या आवृत्त्यांचे पेव फुटले. बार्करच्या मालिकेने २०१२ साली जाहीर आवाहन केले तेव्हा चारशेहून अधिक प्रस्ताव आले. तोवर कंटिन्युअम ब्लूम्सबरीच्या ताब्यात गेले होते.

या यादीत मात्र एक उणीव ठळक होती. संप्रदायाचे मानकरी आणि त्यांचे चरित्रकार दोन्ही बहुतेक गोरे पुरुष होते. कार्ल विल्सनने २००७ मध्ये याच मालिकेत आपल्याला मुळीच न आवडणाऱ्या सेलिन डिऑनच्या अल्बमवर लिहून, आपली अभिरुची कुठून येते आणि ती कुणाला तुच्छ लेखते, हा प्रश्न उघड मांडला. जिना आर्नल्डने २०१४ मध्ये गायिका लिझ फेअरच्या ‘एग्झाइल इन गायव्हिल’ या अल्बमच्या निमित्ताने नव्वदच्या दशकातल्या इंडी, म्हणजे स्वतंत्र लेबलांच्या, वर्तुळाची पुरुषी चौकट तपासली. २०१५ मध्ये अन्वेन क्रॉफर्डने कोर्टनी लव्हच्या होल या बँडच्या ‘लिव्ह थ्रू धिस’वर लिहिले. हा अल्बम एप्रिल १९९४ मध्ये निर्वाणाचा गायक आणि लव्हचा नवरा कर्ट कोबेन याच्या मृत्यूनंतर काही दिवसांतच निघाला, आणि त्यातली गाणी खरे तर कोबेननेच लिहिली ही कुजबुज तेव्हापासून त्याचा पिच्छा पुरवत आली. व्हेल्व्हेट अंडरग्राउंडच्या वाट्याला आलेल्या दंतकथेने अल्बम मोठा केला होता. इथल्या दंतकथेने तो त्याच्या कर्तीच्या हातून काढून घेतला. क्रॉफर्डने त्या कुजबुजीला केंद्रस्थान दिले नाही. तिने कोर्टनी लव्हच्या लेखनाकडे आणि हा अल्बम ऐकत वाढलेल्या चाहत्यांच्या अनुभवाकडे लक्ष वळवले, आणि संप्रदायाचा इतिहास म्हणजे त्याच्या पुजाऱ्यांचा इतिहास ही आधीच्या बऱ्याच पुस्तकांनी न तपासता मानलेली समजूत बाजूला ठेवली.