किरणोत्सर्गी कचऱ्याची खोल भूगर्भातील विल्हेवाट : दीर्घकालीन सुरक्षितता

अणुभट्टीतून काढलेले वापरलेले इंधन, किंवा त्यातील युरेनियम व प्लुटोनियम काढून घेतल्यावर मागे राहणारा आणि काचेत बद्ध केलेला तीव्र किरणोत्सर्गी अवशेष, जमिनीखाली काही शे मीटर खोलीवरच्या स्थिर खडकात कायमचा पुरण्याची पद्धत. कचरा ठेवून झाल्यावर बोगदे बुजवले जातात आणि तेथून पुढे राखणदार, पंप, वीज किंवा दुरुस्ती यांपैकी कशाचीही गरज पडू नये, अशी मूळ अपेक्षा असते. म्हणून या पद्धतीच्या संदर्भात सुरक्षितता म्हणजे, माणसाची देखरेख संपल्यानंतरही खडक, माती आणि धातू यांनी मिळून किरणोत्सर्गी द्रव्ये भूजलावाटे पृष्ठभागापर्यंत पोहोचू न देणे होय. कमी तीव्रतेच्या कचऱ्याची उथळ विल्हेवाट हा वेगळा विषय असून त्याचा विचार येथे केलेला नाही.

पहिली काही शतके कचऱ्याची उष्णता व घातकता मुख्यतः सीझियम-१३७ (अर्धायुष्य, म्हणजे किरणोत्सर्ग निम्म्यावर येण्याचा काळ, सु. ३० वर्षे) आणि स्ट्राँशियम-९० (सु. २९ वर्षे) यांच्यामुळे असते. त्यानंतर उरणाऱ्या द्रव्यांचा काळ मात्र मानवी इतिहासाच्या मोजपट्टीत बसत नाही : प्लुटोनियम-२३९ चे अर्धायुष्य सु. २४,१०० वर्षे, टेक्नेशियम-९९ चे सु. २.११ लाख, नेप्च्युनियम-२३७ चे सु. २१ लाख आणि आयोडीन-१२९ चे सु. १.५७ कोटी वर्षे आहे. वापरलेल्या इंधनाची विषारकता, ते ज्या नैसर्गिक युरेनियमपासून बनले त्याच्या पातळीपर्यंत उतरण्यास एक लाख वर्षांहून अधिक काळ लागतो. सार्वजनिक चर्चेत प्लुटोनियमचे नाव सर्वांत आधी येते. परंतु ऑक्सिजनरहित भूजलात ते जवळजवळ विरघळत नाही आणि चिकणमातीला घट्ट चिकटून राहते. भांडारांच्या गणितात दूरच्या भविष्यात माणसापर्यंत पोहोचणाऱ्या किरणोत्सर्गाच्या मात्रेचा मोठा वाटा आयोडीन-१२९, क्लोरीन-३६ आणि कार्बन-१४ अशा, पाण्याबरोबर सहज वाहणाऱ्या द्रव्यांचा निघतो.

खोल विल्हेवाटीची कल्पना साधारणतः अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीच्या १९५७ च्या अहवालापासून मोजली जाते. मिठाच्या थरात वाहते पाणी असते तर मीठच उरले नसते, या साध्या तर्कावर त्या अहवालाने सैंधवाच्या थरांना पसंती दिली होती. कॅन्सस राज्यातील लायन्स येथील जुनी मिठाची खाण त्यासाठी निवडली गेली. मात्र परिसरात तेल व वायूसाठी पूर्वी पाडलेल्या अनेक विंधनविहिरी आढळल्या आणि शेजारच्या मीठकामात जमिनीत सोडलेले पाणी कोठे गेले याचा पत्ता लागेना, तेव्हा १९७० च्या दशकाच्या आरंभी तो बेत सोडून द्यावा लागला. जर्मनीतील आसे-२ ही खाण याहून कडू धडा आहे. १९६७ ते १९७८ या काळात तेथे सु. १.२६ लाख पिंपे कमी व मध्यम तीव्रतेचा कचरा ठेवला गेला. १९८८ पासून खाणीत दररोज सु. १२ घनमीटर खारे पाणी झिरपते आहे आणि सर्व कचरा परत बाहेर काढण्याचा कायदा २०१३ मध्ये करावा लागला. दोन्ही ठिकाणी मिठाच्या खडकाचा मूळ गुण खोटा ठरला नाही. माणसाने आधी करून ठेवलेली खोदाई आड आली. जुनी खाण आयती मिळते म्हणून ती वापरू नये, हा नियम तेव्हापासून बहुतेक देशांनी पाळला आहे, आणि तो प्रस्तुत विषयातील सर्वांत मोलाचा व्यावहारिक निष्कर्ष मानावा लागतो.

खडकांच्या निवडीत देशागणिक फरक आहेत. अमेरिकेत न्यू मेक्सिकोतील कार्ल्सबाड जवळ सु. ६५५ मीटर खोलीवर, सु. २५ कोटी वर्षांपूर्वीच्या मिठाच्या थरात, संरक्षण कार्यक्रमातील प्लुटोनियमयुक्त कचरा १९९९ पासून ठेवला जातो. फ्रान्सने ब्यूर परिसरातील सु. १६ कोटी वर्षांपूर्वीचा, तर स्वित्झर्लंडने सु. १७.५ कोटी वर्षांपूर्वीचा मृदाखडक निवडला आहे. स्वीडन व फिनलंड या देशांत असे मृदाखडक किंवा मीठ उपलब्ध नसल्याने त्यांनी भेगाळलेला परंतु अतिप्राचीन स्फटिकी खडक स्वीकारला आणि खडकातील उणीव धातूने व मातीने भरून काढली. पुढील विवेचन मुख्यतः याच पद्धतीचे आहे. कारण ती सर्वांत पुढे गेलेली आहे आणि तिच्यावरील वादही सर्वांत खोलवर झाला आहे.

या रचनेचा आराखडा स्वीडनमध्ये १९८३ मध्ये मांडला गेला. इंधनाचे जुडगे बिडाच्या जाड गाभ्यातील खाचांत बसवतात आणि तो गाभा ५ सेंमी. जाडीच्या तांब्याच्या नळकांड्यात घालून झाकण जोडतात. नळकांडे सु. ५ मीटर लांब, १ मीटरहून किंचित अधिक व्यासाचे असून भरल्यावर त्याचे वजन सु. २५ टन होते. बीड खडकाचा व पुढील हिमयुगातील बर्फाचा दाब सोसते, तर तांबे पाण्याला अडवते. बोगद्याच्या तळाशी पाडलेल्या उभ्या खड्ड्यात हे नळकांडे उतरवून त्याच्या भोवती सु. ३५ सेंमी. जाडीची बेंटोनाइट मातीची कडी रचतात. ही माती कोरडी असताना विटेसारखी घट्ट असते. पाणी लागताच फुगून प्रत्येक फट बुजवते आणि नंतर तिच्यातून पाणी वाहत नाही, फक्त अणुरेणू अतिशय संथपणे झिरपतात. मातीचा गुण टिकावा म्हणून नळकांड्यांमधील अंतर असे ठेवतात की तिचे तापमान १०० अंश सेल्सिअसच्या वर जाऊ नये. फिनलंडमधील ओल्किलुओतो बेटावर ‘ओंकालो’ नावाने याच धर्तीचे भांडार सु. १९० कोटी वर्षांपूर्वीच्या खडकात, ४०० ते ४३० मीटर खोलीवर खोदलेले आहे. तेथील खोदाई २००४ मध्ये सुरू झाली, बांधकाम परवाना २०१५ मध्ये मिळाला आणि २०२४ मध्ये, प्रत्यक्ष इंधनाविना, चाचणी घेण्यास आरंभ झाला.

तांब्याच्या क्षरणाचा वाद. तांब्याची निवड ज्या गृहीतकावर उभी आहे ते असे, की ऑक्सिजन नसलेल्या शुद्ध पाण्यात तांबे व्यवहारतः क्षरत नाही. भांडार बंद करताना अडकलेला ऑक्सिजन खनिजे आणि सूक्ष्मजीव लवकरच वापरून टाकतात. त्यानंतर धोका उरतो तो मुख्यतः भूजलातील सल्फाइडचा. बेंटोनाइट जागेवर असेल तर सल्फाइड तांब्यापर्यंत इतक्या हळू पोहोचते, की दहा लाख वर्षांतही काही मिलिमीटरच धातू खाल्ला जाईल, असे आराखडाकारांचे गणित आहे. स्टॉकहोमच्या शाही तंत्रविद्या संस्थेतील गुनार हुल्टक्विस्ट यांनी १९८६ मध्ये या गृहीतकालाच हात घातला. ऑक्सिजनरहित शुद्ध पाण्यात ठेवलेल्या तांब्यातून हायड्रोजन निघतो, म्हणजे तांबे पाण्याशीच विक्रिया करते, असे त्यांचे प्रतिपादन होते. ते दीर्घकाळ दुर्लक्षित राहिले. पेटर साकालोस, हुल्टक्विस्ट व सहकाऱ्यांनी २००७ मध्ये तेच निरीक्षण अधिक काटेकोर उपकरणांनी पुन्हा मांडले, तेव्हा मात्र वाद पेटला.

प्रस्थापित ऊष्मागतिकीनुसार ही विक्रिया हायड्रोजनच्या अत्यल्प दाबालाच थांबली पाहिजे; टीकाकारांना आढळलेला दाब त्याच्या कितीतरी पट, सु. एक सहस्रांश बार इतका होता. निघालेला हायड्रोजन धातूत आधीपासून मुरलेला असावा, पात्राच्या पोलादातून आलेला असावा, की तांब्याचे एखादे अज्ञात संयुग बनत असावे, यावर मतभेद झाले. उप्साला विद्यापीठात अतिशुद्ध पाणी व तांबे घेऊन केलेल्या स्वतंत्र प्रयोगांत पार्श्वभूमीच्या पातळीहून अधिक हायड्रोजन आढळला नाही. आराखडाकारांचा दुसरा युक्तिवाद असा, की निरीक्षण खरे मानले तरी खोल भूजलातच मुळी त्याहून अधिक हायड्रोजन असल्याने विक्रिया पुढे सरकणार नाही. दोन्ही बाजू पाहता हा दुसरा युक्तिवाद पहिल्याहून भक्कम वाटतो, कारण तो प्रयोगाच्या निकालावर अवलंबून नाही. तथापि टीकाकारांचे उरलेले मुद्दे, विशेषतः सल्फाइडमुळे होणारे खड्डेवजा क्षरण आणि किरणोत्सर्गाचा धातूवरील परिणाम, त्याने निकालात निघत नाहीत. जानेवारी २०१८ मध्ये स्वीडनच्या भूमी व पर्यावरण न्यायालयाने नेमके याच कारणास्तव अधिक पुरावा मागितला. त्यानंतर एस्पो येथील भूमिगत प्रयोगशाळेत २० वर्षे गरम बेंटोनाइटमध्ये ठेवलेले तांबे २०१९ मध्ये बाहेर काढून तपासले गेले. त्याच्या पृष्ठावरील सूक्ष्म खड्ड्यांचा अर्थ दोन्ही पक्षांनी आपापल्या परीने लावला. स्वीडिश शासनाने २७ जानेवारी २०२२ रोजी फोर्समार्क येथील भांडारास अनुमती दिली.

तांब्याहून अधिक चिंता बेंटोनाइटची करावी, असे मानणारा एक विचार आहे, आणि त्यात तथ्य दिसते. तांबे टिकते ते माती जागेवर असेपर्यंतच. हिमयुगात वितळलेल्या बर्फाचे क्षारविरहित पाणी भेगांतून खोलवर उतरले, तर बेंटोनाइटचे कण सुटून पाण्याबरोबर वाहू शकतात. तसे झाल्यास सल्फाइडला वाट मोकळी होते. दुसरा धोका हिमस्तर वितळल्यानंतरच्या भूकंपांचा. बर्फाचे ओझे उतरल्यावर जमीन वर उचलली जाते (ओल्किलुओतो परिसर आजही वर्षाला सु. ६ मिमी. वर येतो) आणि साचलेला ताण अचानक मोकळा होऊ शकतो. उत्तर स्वीडनमधील पेर्वी विभंग (खडक तुटून सरकल्याची रेषा) सु. १५० किमी. लांबीचा असून तो गेल्या हिमयुगाच्या अखेरीस सरकला असे मानतात. म्हणून नळकांड्याने खडकाचे ५ सेंमी. सरकणे सोसावे, अशी अट घातलेली आहे आणि मोठ्या भेगा छेदणारे खड्डे वापरायचे नाहीत, असा दंडक आहे.

नैसर्गिक दाखले. लक्षावधी वर्षांचा प्रयोग करता येत नाही. निसर्गाने केलेले प्रयोग मात्र वाचता येतात. गॅबनमधील ओक्लो येथील युरेनियममध्ये युरेनियम-२३५ चे प्रमाण ०.७२० टक्क्यांऐवजी ०.७१७ टक्के असल्याचे १९७२ मध्ये फ्रान्समधील एका संयंत्रात लक्षात आले आणि तेथे एके काळी अणुविभाजनाची साखळी आपोआप चालली होती, हे उघड झाले. अशा शक्यतेचे भाकीत पॉल कुरोडा यांनी १९५६ मध्येच केले होते. ही घटना केव्हाची, याबद्दल एकमत नाही. आधीच्या लेखनात सु. १७४ कोटी वर्षांचा आकडा येतो. नंतरचे अभ्यासक सु. १९५ ते २०० कोटी वर्षांकडे झुकतात आणि युरेनियम-२३५ चे तत्कालीन प्रमाण पाहता हा दुसरा काळ अधिक ग्राह्य वाटतो. विल्हेवाटीच्या दृष्टीने महत्त्वाचे हे, की तेथे तयार झालेले प्लुटोनियम क्षय पावेपर्यंत जागेवरच राहिले, परंतु सीझियम, स्ट्राँशियम व आयोडीन बऱ्याच अंशी निघून गेले. ओक्लोचा दाखला देताना पहिला अर्धा भाग सांगून दुसरा वगळण्याची प्रवृत्ती लोकप्रिय लेखनात आढळते. ती टाळली पाहिजे.

कॅनडातील सिगार लेक येथील निक्षेप याहून बोलका आहे. सु. १३० कोटी वर्षांपूर्वीचे अतिसमृद्ध युरेनियम खनिज तेथे ४०० मीटरहून अधिक खोलीवर, पाणी धरून ठेवणाऱ्या वालुकाश्माखाली, चिकणमातीच्या वेष्टनात पडून आहे, आणि वर जमिनीवर त्याचा किरणोत्सर्गी मागमूसही नाही. धातूच्या टिकाऊपणासाठी, १६७६ मध्ये बुडालेल्या ‘क्रोनान’ या स्वीडिश युद्धनौकेवरील तांबेबहुल तोफेचा दाखला दिला जातो. तळाच्या चिकणमातीत तीनशे वर्षे रुतूनही ती फारच थोडी झिजली होती. मात्र तीनशे वर्षांवरून लक्ष वर्षांचे अनुमान काढताना सावधगिरी हवी.

नियम व मर्यादा. सुरक्षितता सिद्ध झाली असे शास्त्रीय अर्थाने म्हणता येत नाही. ती गणित, प्रयोग आणि नैसर्गिक दाखले एकत्र करून पटवून द्यावी लागते. स्वीडनमध्ये सर्वाधिक प्रभावित गटातील व्यक्तीची वार्षिक जोखीम दहा लाखांत एकाहून अधिक असू नये, असा निकष आहे. अमेरिकेतील युका पर्वताच्या भांडार-प्रकल्पासाठी, सुरक्षितता किती काळाची दाखवायची याची प्रथम १०,००० वर्षांची मुदत ठरली होती. २००४ मध्ये न्यायालयाने ती अमान्य केल्यावर २००८ मध्ये दहा लाख वर्षांपर्यंतची मर्यादा घालण्यात आली. प्रकल्प पुढे राजकीय कारणांनी थांबला. कार्ल्सबाडच्या भांडारात फेब्रुवारी २०१४ मध्ये एक पिंप आतल्या रासायनिक विक्रियेने फुटले, कारण नायट्रेट क्षारांत सेंद्रिय शोषक पदार्थ मिसळला गेला होता. भांडार जवळजवळ तीन वर्षे बंद राहिले. ही घटना दीर्घकालीन सुरक्षिततेची नसून हाताळणीची आहे, तरीही गणितात न धरलेली चूक कशी शिरते याचे ते उदाहरण आहे.

भावी पिढ्यांनी अजाणता तेथे खोदू नये म्हणून खुणा ठेवाव्यात की नाही, यावरही दोन मते आहेत. अमेरिकेत १९८० च्या दशकापासून स्मारके, चिन्हे व पिढ्यान्‌पिढ्या सांगितल्या जाणाऱ्या दंतकथा यांचे प्रस्ताव आले. फिनलंडमध्ये, जागा विसरली गेली तरी भांडार सुरक्षित राहिले पाहिजे, या भूमिकेवर भर आहे. फ्रान्सने कायद्याने किमान १०० वर्षे निर्णय फिरवण्याची मुभा राखली आहे.

भारतात वापरलेले इंधन कचरा न मानता पुनःप्रक्रियेसाठी राखले जाते आणि उरलेला तीव्र किरणोत्सर्गी द्रव तुर्भे, तारापूर व कल्पक्कम येथे बोरोसिलिकेट काचेत बद्ध केला जातो. खोल भांडार अद्याप उभारलेले नाही. १९८० च्या दशकात कोलारच्या सोन्याच्या खाणीत सु. १,००० मीटर खोलीवर विजेचे तापक बसवून खडकाचा उष्णतेला मिळणारा प्रतिसाद मोजण्यात आला होता. महाराष्ट्रातील वाचकाच्या मनात दख्खनच्या काळ्या पाषाणाचा प्रश्न साहजिकच येईल. बेसॉल्टचा विचार अमेरिकेत हॅनफर्ड येथे झाला होता आणि १९८७ मध्ये ती जागा वगळण्यात आली. दख्खनमध्येही लाव्ह्याच्या प्रत्येक थराचा माथा सच्छिद्र व सांधे मोकळे असतात, आणि आपल्या विहिरींना पाणी लागते ते याच थरांतून. तारापूरची काचेची पात्रे सध्या हवेच्या नैसर्गिक खेळाने थंड राहणाऱ्या तळघरांत, सतत देखरेखीखाली ठेवलेली आहेत.