गायरान (महाराष्ट्र)

गायरान म्हणजे गावाच्या गुरांना फुकट चरायला राखलेली सरकारी जमीन. मालकी शासनाची, देखरेख ग्रामपंचायतीची आणि चराईचा हक्क अख्ख्या गावाचा. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ च्या कलम २२ मध्ये अशी जमीन नेमून द्यायची तरतूद आहे, पण राखीव कुरणाची पद्धत त्याच्या कितीतरी आधीची. पुणे, नगर, सोलापूर, सातारा या जिल्ह्यांच्या कमी पावसाच्या पट्ट्यात गायरान म्हणजे बहुतेक ठिकाणी माळरानच, मुरमाड जमीन, पवन्या, मारवेल, कुसळी असलं गवत आणि अधूनमधून बोरी-बाभळी.

ज्या जमिनीतून सारा येत नाही ती पडीक, हा शिक्का इंग्रजांच्या महसुली कारभारात पक्का झाला आणि अजून निघालेला नाही. खरं तर इथं लांडगा, खोकड, तरस, चिंकारा, ससा सगळे राहतात आणि यातल्या बऱ्याच प्राण्यांना दाट जंगल नकोच असतं, मोकळा माळच लागतो. सोलापूरजवळ नान्नजला १९७९ मध्ये माळढोकासाठी अभयारण्य झालं, तरी तो पक्षी आता महाराष्ट्रातून जवळपास गेलाच. हिवाळ्यात मध्य आशियातून भोवत्ये (हॅरियर, शिकारी पक्षी) येतात, गवतावरून अगदी खालून तरंगत टोळ आणि छोटे पक्षी टिपतात. माळटिटवी तर घरटं म्हणून काही बांधतच नाही, उघड्या जमिनीवर खळगा करून खड्यांच्या रंगाची ठिपकेदार अंडी घालते, पायाखाली येईपर्यंत दिसत नाहीत, आणि ऐन उन्हाळ्यात पोटाची पिसं पाण्यात भिजवून येऊन अंड्यांवर बसते म्हणजे ती गार राहतात. मे महिन्यात पंखा-गळ्याच्या सरड्याचा नर दगडावर चढून गळ्याचा निळा-काळा-केशरी पंखा उघडमीट करतो, तो एकदा जवळून बघावाच.

हा माळ माणसांचाही आहे. धनगरांचे वाडे, म्हणजे मेंढरांसकट तळ, पावसाळ्यात इकडे असतात, दिवाळीनंतर बरेच जण कोकणाकडे उतरतात, वाटेत शेतकऱ्याच्या रानात खतासाठी मेंढ्या बसवतात. लांडगा मेंढ्यांच्या खांडाच्या (कळपाच्या) मागंमागं असतोच, आणि एखादं कोकरू गेलं तर तो त्याचा वाटा असं म्हणणारे मेंढपाळ अजून भेटतात. दुसरीकडे भूमिहीनांसाठी, त्यातही दलितांसाठी, गायरान हीच मिळण्यासारखी जमीन होती. आंबेडकरी नेते दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली १९५९ आणि १९६४ ला भूमिहीनांचे मोठे सत्याग्रह झाले, १९९१ च्या शासन निर्णयानं जुनी अतिक्रमणं नियमित करायचं ठरलं, तरी कित्येकांच्या नावावर सातबारा अजून नाही. जगपाल सिंग खटल्यात २०११ ला सुप्रीम कोर्टानं सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं हटवायला सांगितलं, त्यात भूमिहीन आणि अनुसूचित जातींना मिळालेल्या जमिनींचा अपवादही ठेवला, पण हटवायची वेळ आली की आधी नोटीस गरिबालाच जाते, हे चुकीचंच आहे.

सगळ्यात जास्त नुकसान मात्र चांगल्या हेतूनं होतं. माळ मोकळा दिसला की चर खणायचे आणि गिरिपुष्प, सुबाभूळ असली झाडं लावून मोकळं व्हायचं. सावलीखाली गवत मरतं, मग चिंकाऱ्याला चारा नाही आणि माळटिटवीला जागा नाही. उरलेल्या माळावर सौर प्रकल्प, एमआयडीसी, कचरा डेपो. कचऱ्यामागं मोकाट कुत्री येतात, त्यांच्याकडून लांडग्यांना रेबीज आणि डिस्टेंपर (कुत्र्यांचा विषाणूजन्य रोग) होतो, शिवाय पुणे जिल्ह्यात लांडगा-कुत्रा संकर झाल्याचं जनुकीय तपासणीत निघालंय. जिथं ग्रामसभेनं ठराव करून आळीपाळीनं चराईबंदी ठेवली, तिथं दोन-तीन पावसाळ्यांत गवत परत येतं, गुरांना वैरणही मिळते.