पोकेमॉनचा ‘तो’ भाग आणि पोरीगॉनवरचा आळ

ठाण्यात घोडबंदर रस्त्यावरच्या आमच्या गृहसंकुलात मुलांनी पोकेमॉन हे कार्टून लावले की एखादे आजोबा त्यातल्या पोरीगॉन या पात्राचे नाव घेऊन हमखास बजावतात, “त्या पोरीगॉनमुळे जपानमध्ये शेकडो मुले दगावली होती.” या वाक्यात जपान तेवढे खरे आहे.

निन्टेन्डोच्या १९९६ मधील व्हिडिओ गेमवरून बेतलेल्या या मालिकेचा ३८वा भाग १६ डिसेंबर १९९७ रोजी जपानमध्ये प्रसारित झाला आणि तो पाहणाऱ्या सुमारे ६८५ जणांना, ज्यांत बहुतांश मुले होती, रुग्णालयात न्यावे लागले. मात्र मृत्यू एकाचाही झाला नाही. अनेकांना डोकेदुखी, मळमळ किंवा चक्कर यांचाच त्रास झाला, तर काहींना फेफरे आले.

आता पोरीगॉनविषयी. त्या भागातल्या ज्या दृश्याने हा त्रास झाला, त्यात क्षेपणास्त्रांवर वीज सोडून त्यांचा स्फोट घडवतो तो पिकाचू, म्हणजे मालिकेतले मुख्य पात्र, आणि त्या स्फोटासाठी लाल व निळा रंग सेकंदाला सुमारे बारा वेळा आलटून पालटून पडदाभर चमकवला गेला. प्रकाशाच्या अशा वेगवान लुकलुकीने, विशेषतः लाल रंगाच्या, प्रकाशसंवेदी अपस्मार असलेल्यांना झटका येऊ शकतो. पात्र कोणते, याला तेथे काहीही महत्त्व नसते. तरीही पिकाचू लाडका राहिला आणि बिचाऱ्या पोरीगॉनला मालिकेत पुन्हा प्रमुख भूमिका मिळाली नाही.

मालिका सुमारे चार महिने बंद राहून एप्रिल १९९८ मध्ये परतली. तो भाग मात्र पुन्हा कधीच दाखवला गेला नाही, त्यामुळे आपली मुले आज जे पाहतात, त्यात तो नाही.